आठ तास शिजवूनही पोर्क वातड? आधी काटा फिरवून बघा

सकाळी आठला दीड किलो पोर्क स्लो कुकरमध्ये (विजेच्या मंद आचेवर तासन्‌तास शिजवणारं भांडं) टाकलं, बटण ‘लो’वर फिरवलं आणि कामाला लागलो. दुपारी घरभर वास सुटला. दोन वाजता राहवलं नाही म्हणून झाकण काढून काटा टोचला, तर मांसाने तो परत ढकलला. रबर! मनात म्हटलं, जास्त शिजलं वाटतं. लगेच बंद केलं आणि रात्री जेवताना सगळ्यांचे जबडे दुखले. पुढच्या खेपेला शहाणपणा करून तासभर आधीच बंद केलं, तर आणखी वातड. तिसऱ्या खेपेला वैतागून छान स्वच्छ, चरबीचा टिपूसही नसलेला तुकडा आणला आणि पूर्ण आठ तास ठेवला. या वेळी ताटात आला तो पाण्यात पोहणारा चोथा.

कुकर बिघडलाय अशी माझी पक्की खात्री झाली होती. कुकर ठणठणीत होता. मीच दोन उलट्या दुखण्यांना एक औषध देत होतो. ‘मांस कडक झालं’ असं आपण सरसकट म्हणतो, पण पोर्क दोन अगदी वेगळ्या कारणांनी कडक लागतं. एक, ते पुरेसं शिजलेलं नसतं. दोन, त्यातलं पाणी निघून गेलेलं असतं आणि त्याची भरपाई करायला आत काही नसतं. पहिल्यावर इलाज म्हणजे आणखी वेळ. दुसऱ्यावर वेळ हे विष. म्हणून घड्याळाकडे बघण्याआधी निदान करायचं, आणि त्याला फक्त एक काटा लागतो.

काट्याची परीक्षा

तुकड्याच्या सगळ्यात जाड भागात काटा रुतवा आणि मनगट पाव वळसा फिरवा. तीनपैकी एक गोष्ट घडेल.

काटा कष्टाने आत जातो आणि फिरवल्यावर अख्खा तुकडाच भांड्यात गोल फिरतो. कडेची एक फोड कापून बघितली तर मधले पांढरट पापुद्रे चकचकीत दिसतात, बोटांनी ताणले की ताणले जातात, तुटत नाहीत. हे मांस कमी शिजलंय, मग घड्याळ काहीही म्हणो. झाकण लावा आणि तासभर तिकडे फिरकू नका.

काटा सहज जातो, फिरवला की तंतू एकमेकांपासून सुटतात, ओलसर दिसतात, बोटाला किंचित चिकटतात. झालं. बंद करा.

काटा सहज जातो, तंतूही सुटतात, पण तोंडात टाकल्यावर भुसा चावल्यासारखं वाटतं आणि घास गिळायला पाणी लागतं. इथे तुकडा चुकलाय किंवा वेळ फार झालाय. बहुतेक वेळा तुकडाच चुकलेला असतो.

पहिल्या स्थितीत आपण फसतो, कारण स्टेक किंवा चिकनच्या अनुभवावरून आपल्या डोक्यात ‘कडक म्हणजे जास्त शिजलेलं’ हे समीकरण पक्कं बसलेलं असतं. कामकरी स्नायूंच्या मांसाला ते लागू नाही. मांस तापायला लागलं की साधारण ५० अंश सेल्सियसपासून त्यातली प्रथिनं आवळायला लागतात. ६५ ते ७० च्या पुढे ती इतकी आवळतात की आतलं पाणी पिळून बाहेर येतं. तंतूंना बांधून ठेवणारं कोलॅजन, म्हणजे ते पांढरट पापुद्रे, याच सुमाराला आक्रसतं आणि आणखी पिळतं. पण त्याच कोलॅजनचं मऊ, बुळबुळीत जिलेटिन होणं ७० च्या आसपास जेमतेम सुरू होतं, ८०-८५ च्या पुढे वेग घेतं आणि त्याला तासन्‌तास लागतात. म्हणजे मधल्या काळात मांस अगदी अडनिड्या वयात असतं. अंगचं पाणी गेलेलं आणि जिलेटिन अजून आलेलं नाही. मी दोन वाजता झाकण काढलं तेव्हा ते नेमकं तिथेच होतं. आणखी दोन तास दिले असते तर त्याच तुकड्याने मान टाकली असती.

थर्मामीटर खुपसून बघायची सवय असेल तर आकडा लक्षात ठेवा. काट्याने सुटणारं पोर्क हवं असेल तर आतलं तापमान ९० ते ९५ अंश लागतं. ७१ ला ते खायला पूर्ण सुरक्षित असतं, पण मऊ नसतं. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

तुकडा चुकला की पुढचं सगळं चुकतं

स्लो कुकरसाठी पोर्कचा खांदा घ्या. या एका वाक्यावर ही सगळी पोस्ट संपवली असती तरी अर्ध्याअधिक तक्रारी मिटल्या असत्या.

जनावर आयुष्यभर खांद्यावर भार घेऊन चालतं. त्यामुळे खांद्यात कोलॅजन भरपूर आणि चरबी तंतूंच्या मधोमध पसरलेली. दीर्घ आचेवर ही चरबी वितळते, कोलॅजन विरघळतं आणि दोन्ही मिळून तंतूंना तुपकट ओलावा देतात. पाठीच्या कण्यालगतची लॉइन आणि तिच्या आतला टेंडरलॉइन हे आळशी स्नायू. दिसायला देखणे, एकसारखे गुलाबी, कापायला सोपे, पण त्यांच्यात चरबीही जेमतेम आणि कोलॅजनही. पिळून निघालेल्या पाण्याची भरपाई करणार कोण? आठ तासांनी लॉइनचा चोथा होतो तो माझ्या-तुमच्या चुकीने नाही, दुसरं काही होणं शक्यच नसतं.

नावांचा घोळही त्रास देतो. इंग्रजी पाककृतींत ‘पोर्क बट’ किंवा ‘बॉस्टन बट’ असं वाचून लोक मागच्या पायाचा भाग आणतात. प्रत्यक्षात तो खांद्याचा वरचा भाग आहे. त्याच्या खालचा, पुढच्या पायाकडे जाणारा भाग ‘पिकनिक शोल्डर’ म्हणून विकला जातो. त्यात कातडी आणि हाड जास्त, तोही चालतो. मागची मांडी खांद्यापेक्षा कोरडी असते, जमते पण बेताची. पोटाचं मांस मऊ होतं, मात्र रश्श्यावर चरबीचा जाड थर येतो, तो काढायची तयारी ठेवा. बरगड्या उत्तम.

तुकडे करून मिळणारं मिश्र मांस घेतलंत तर वेगळीच गंमत होते. एकाच भांड्यात एक फोड लोण्यासारखी, शेजारची बुटाच्या तळव्यासारखी. कारण त्यात खांदा, मांडी, पाठ सगळं एकत्र कापलेलं असतं आणि प्रत्येकाची वेळ निराळी. तिथे वेळ बदलून काही साधत नाही. एकाच भागाचा सलग तुकडा मागून घ्या आणि घरी आणून त्याचे मुठीपेक्षा जरा मोठे दोन-तीन भाग करा. फार लहान फोडी करू नका, त्या लवकर कोरड्या पडतात. दोन किलोचा अख्खा गोळाही ठेवू नका, त्याचा गाभा तापायला उगाच वेळ खातो.

घरात लॉइनच आहे आणि आज तीच वापरायची आहे? मग ती स्लो कुकरमध्ये घालूच नका असं माझं मत. हट्टच असेल तर ‘लो’वर दोन तासांपासून थर्मामीटरने तपासायला लागा आणि आतलं तापमान ६३ झालं की बाहेर काढून झाकून ठेवा. अख्ख्या तुकड्यासाठी ६३ अंश आणि त्यानंतर किमान ३ मिनिटं विसावा, ही अमेरिकेच्या कृषी विभागाची २०११ पासूनची शिफारस आहे. त्याआधी तो आकडा ७१ होता आणि खिम्यासाठी अजूनही ७१ च आहे. ६३ ला मध्यभाग किंचित गुलाबी दिसतो, घाबरू नका. उलट नीट शिजलेलं पोर्कही कधी कधी गुलाबी राहतं, त्यामुळे रंगावरून ठरवायचंच नाही. पण आठ तास घराबाहेर राहून रात्री आयतं जेवायचं हा स्लो कुकरचा सगळा मुद्दा, आणि लॉइनला मात्र दर वीस मिनिटांनी कोणीतरी विचारपूस करावी लागते. तवा तापवा, काप भाजा, अर्ध्या तासात मोकळे व्हा.

‘लो’ म्हणजे कमी गरम नाही

हे मला बऱ्याच उशिरा कळलं. बहुतेक स्लो कुकरमध्ये ‘लो’ आणि ‘हाय’ शेवटी जवळजवळ एकाच तापमानाला पोचतात, उकळीच्या किंचित खाली. फरक असतो तो तिथे किती वेळात पोचतात याचा. त्यामुळे ‘लो’वर ठेवलंय म्हणजे कितीही वेळ राहिलं तरी हरकत नाही, ही समजूत चुकीची. बारा तासांनी खांद्याचासुद्धा लगदा होतो.

माझा ठोकताळा असा. दीड ते दोन किलो खांदा, दोन-तीन भागांत कापलेला, ‘लो’वर सात ते नऊ तास, ‘हाय’वर चार ते सहा. एवढा मोठा फरक का, तर कुकरागणिक आच वेगळी असते. पाककृतीतले आठ तास लिहिणाऱ्याच्या कुकरचे असतात, तुमच्या नाही.

तुमचा कुकर कसा आहे हे एका रिकाम्या दिवशी तपासून घ्या. भांडं निम्म्याहून थोडं जास्त गार पाण्याने भरा, झाकण लावा, ‘लो’वर आठ तास ठेवा. मधे उघडायचं नाही. आठ तासांनी झाकण काढल्याकाढल्या थर्मामीटर बुडवा, कारण झाकण निघालं की तापमान झपकन उतरतं. ८५ अंशांच्या आसपास आलं तर कुकर पुस्तकाबरहुकूम चालतोय. त्याहून बरंच कमी आलं तर तो मांसासाठी वापरू नका, धोका आहे. बरंच जास्त आलं तर तुमचा कुकर तापट आहे, पाककृतीतला वेळ कमी धरा. माझ्याकडे ९६ आलं. म्हणजे सगळीकडे छापलेले आठ तास माझ्या ओट्यावर साडेसहाच होते.

उंचावर राहणाऱ्यांसाठी एक जास्तीची सूचना. दर ३०० मीटरला पाण्याचा उत्कलनबिंदू साधारण १ अंशाने उतरतो, त्यामुळे डोंगरावर तासभर जास्त धरून चाला.

आता झाकण. एकदा उचललं की आतली वाफ जाते आणि हरवलेली उष्णता परत यायला वीस-तीस मिनिटं लागतात, कारण कुकरमधलं तापवणारं वेटोळं जेमतेम ताकदीचं असतं. आमच्या घरात जाता-येता प्रत्येक जण ‘बघू कुठवर आलंय’ म्हणून झाकण उचलायचा. चार माणसं, चार डोकावणी, दीड तास गेला. काचेच्या झाकणावर वाफेचे थेंब जमून आतलं दिसत नाही म्हणून हात शिवशिवतात. त्यावर साधा उपाय म्हणजे झाकणाची मूठ धरून, न उचलता, बोटाने काचेवर दोन टिचक्या मारायच्या. थेंब ओघळतात आणि गोल खिडकी तयार होते. तेवढ्यावर समाधान माना.

भांडं किती भरलंय यावरही बरंच अवलंबून आहे. निम्मं ते दोन तृतीयांश हे प्रमाण चांगलं. सहा लिटरच्या भांड्यात पाऊण किलो मांस तळाशी एकटं पडलं की कडा करपतात आणि सगळं दोन तास आधीच होऊन बसतं. आणि काठोकाठ भरलं तर मधला भाग तापायला इतका वेळ लागतो की जंतूंना आंदण दिल्यासारखं होतं.

जंतूंवरून आठवलं, यात मात्र तडजोड नको. ४ ते ६० अंश हा त्यांचा आवडता पट्टा. गोठलेलं मांस थेट टाकलं तर ते या पट्ट्यात तासन्‌तास रेंगाळतं, म्हणून आदल्या दिवशी फ्रिजमध्ये वितळवून घ्या. ‘वॉर्म’ हे बटण शिजवण्यासाठी नाही, शिजलेलं गरम ठेवण्यासाठी आहे. टायमर लावून कच्चं मांस दुपारपर्यंत भांड्यात बसवून ठेवणं तर अजिबात नको. रात्रीच चिनी मातीच्या भांड्यात सगळं भरून फ्रिजमध्ये ठेवायची युक्तीही मी सोडून दिली. ते जड भांडं इतकं गार होतं की सकाळी तापायलाच खूप वेळ घेतं, आणि गार भांडं तापलेल्या कुकरमध्ये ठेवलं तर तडकतं. मांस वेगळ्या डब्यात, भाज्या वेगळ्या डब्यात. सकाळी एकत्र करायला दोन मिनिटं लागतात.

मांस कोरडं, भांड्यात मात्र तळं

ही तक्रार सगळ्यात चमत्कारिक वाटते. मांस कोरडं पडू नये म्हणून आपण आणखी पाणी घालतो आणि संध्याकाळी पाणचट रस्सा व कोरडं मांस असं दोन्ही पदरात पडतं. बाहेरचं पाणी तंतूंमध्ये शिरत नाही. उलट भांड्यातलं ते तळं बऱ्याच अंशी मांसाच्याच अंगचं असतं. दीड किलो खांदा शिजताना कपभराहून जास्त पाणी आणि चरबी सोडतो, आणि घट्ट झाकणामुळे त्यातलं जवळजवळ काहीच उडून जात नाही. गॅसवरच्या पाककृतीत सांगितलेलं दोन-तीन कप पाणी इथे घातलंत की सूप झालंच म्हणून समजा.

या यंत्राचा मूळ अवतार कडधान्यासाठी होता. अमेरिकेत आयर्व्हिंग नॅक्सन यांना १९४० मध्ये त्याचं पेटंट मिळालं आणि त्यांच्या उपकरणाचं नावच ‘नॅक्सन बीनरी’ होतं. कोरड्या घेवड्याला पाणी प्यायचं असतं, म्हणून तिथे भरपूर पाणी शोभतं. मांसाचं काम उलटं आहे, ते पाणी सोडतं. म्हणून अर्धा कप द्रव पुष्कळ झाला. खाली कांद्याचा जाड थर असेल तर तेवढाही लागत नाही.

झालेल्या तळ्यावर उपाय आहे. मांस बाहेर काढा, रस गाळून दहा मिनिटं स्थिर ठेवा, वर आलेली चरबी पळीने काढा. मग रुंद कढईत मोठ्या आचेवर निम्मा होईपर्यंत आटवा. आटवल्यावर मीठ तीव्र होतं, म्हणून शेवटचं मीठ त्यानंतरच. घाई असेल तर चमचाभर कॉर्नफ्लोअर दोन चमचे गार पाण्यात कालवून उकळत्या रसात घाला, पण चवीत आटवण्याची सर त्याला नाही. कुकरचं झाकण काढून ‘आटेल आपोआप’ म्हणून वाट बघत बसू नका. एवढ्या आचेवर रात्र होईल.

शिजलंय छान, पण चव कुठे गेली?

मांसाला खरपूस चव येते ती पृष्ठभाग १४० अंशांच्या पुढे गेल्यावर. कुकरमध्ये शंभरही गाठलं जात नाही. म्हणजे ती चव बाहेरून आणावी लागते. एक मार्ग सर्वांना माहीत आहे. कोरडं पुसलेलं मांस तापल्या तव्यावर तीन-चार मिनिटं न हलवता भाजायचं आणि तव्याला चिकटलेलं तपकिरी सत्त्व पाव कप पाण्याने खरवडून भांड्यात घालायचं. पुसणं महत्त्वाचं, ओलं मांस भाजलं जात नाही, वाफाळतं.

पण सकाळी सात वाजता तेल उडवत उभं राहायची कुणाची तयारी असते? माझी नसते. म्हणून मी उलट करतो. शिजलेलं मांस काट्यांनी सोडवून ताटात पसरतो, वर थोडा आटवलेला रस शिंपडतो आणि ओव्हनच्या वरच्या ग्रिलखाली पाच-सात मिनिटं ठेवतो. टोकं कुरकुरीत, आतून रसाळ. ओव्हन नसेल तर जाड तव्यावर पसरून न ढवळता भाजा. मला विचाराल तर आधी भाजण्यापेक्षा हेच चविष्ट लागतं.

कांदा-लसूण कच्चा टाकला तर आठ तासांनीही त्याचा उग्रपणा पुरता जात नाही, म्हणून कांदा निदान मऊ होईपर्यंत परतून घाला. खडा मसाला बंद भांड्यात चढत जातो, नेहमीच्या निम्माच टाका. बारीक दळलेल्या मसाल्यांचा वास मात्र उडून जातो, त्यांचा एक भाग शेवटी राखून ठेवा. हिरवा पाला, लिंबू, व्हिनेगर वाढण्याच्या तोंडावर. दूध, साय, दही शेवटच्या पंधरा मिनिटांत, नाहीतर फाटतं. वाइन घालायची असेल तर वेगळी उकळून घाला, बंद झाकणाखाली तिचा कच्चा वास कोंडून राहतो.

बटाटा-गाजर कच्चट राहतात हीही नेहमीची तक्रार, आणि लोकांना तिचं नवल वाटतं, कारण मांस तर मऊ झालेलं असतं. भाज्यांना मऊ व्हायला ८५ च्या पुढची धग लागते, आणि वर तरंगणाऱ्या फोडींना ती फार उशिरा मिळते. कंदमुळं तळाशी आणि कडेने, रसात बुडतील अशी ठेवा. टोमॅटो किंवा व्हिनेगर भरपूर असेल तर आंबटपणाने ती आणखी हट्टी होतात, तेव्हा आंबट नंतर.

राजमा घालणार असाल तर थांबा. कच्च्या राजम्यातलं एक विष स्लो कुकरच्या मंद आचेवर नष्ट होत नाही, कमी तापमानाला उलट त्रास वाढू शकतो. किमान पाच तास भिजवा, ते पाणी फेका, ताज्या पाण्यात गॅसवर ३० मिनिटं खळखळून उकळा आणि मगच भांड्यात घाला. डब्यातला शिजवलेला राजमा असेल तर प्रश्न नाही.

मधेच वीज गेली तर

घरात असाल तर सगळं काढून गॅसवर शिजवून टाका. बाहेर होतात आणि वीज किती वेळ गेली होती ते माहीत नाही, तर वरून शिजलेलं दिसलं तरी टाकून द्या. जीव तुटतो, पण द्या. यात एक मेख आहे. अनेक डिजिटल कुकर वीज आल्यावर बंदच राहतात, त्यामुळे निदान कळतं तरी. फिरवायच्या बटणाचे साधे कुकर गुपचूप पुन्हा चालू होतात आणि मधले तीन तास लपवतात. तसा कुकर असेल तर वीज गेल्यावर आकडे लुकलुकणारं एखादं जुनं घड्याळ त्याच बोर्डाला लावून ठेवा.

आज, आत्ता, पाहुणे टेबलावर बसलेत आणि पोर्क वातड आहे

काट्याची परीक्षा करा. पहिल्या प्रकारचं, म्हणजे कमी शिजलेलं असेल, तर तुकड्यांचे आणखी लहान तुकडे करून रसासकट प्रेशर कुकरमध्ये घाला आणि दाब आल्यावर पंधरा-वीस मिनिटं ठेवा. तिथे तापमान १२० च्या जवळ जातं, कोलॅजन वेगाने विरघळतं. दाब आपोआप उतरू द्या, घाईने वाफ सोडली तर मांसातला रसही बाहेर उकळतो.

चोथा झाला असेल तर पुन्हा आचेवर नेऊ नका. तंतूंच्या आडवे, शक्य तितके पातळ काप करा. रस आटवून त्यात थोडं लोणी घाला, आच बंद करा आणि काप त्यात दहा मिनिटं बुडवून ठेवा. मूळचं काही परत येत नाही, पण घास गिळता येतो. लगदा झाला असेल तर रस पूर्ण निथळून तव्यावर भाजून घ्या, कुरकुरीतपणा बरंच काही झाकतो.

उरलेलं त्या जड भांड्यातच गार होत ठेवू नका, ते तासन्‌तास कोमट राहतं. पसरट डब्यांत, रसात बुडवून, दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये. तीन-चार दिवस चांगलं टिकतं. दुसऱ्या दिवशी वर चरबीची गोठलेली चकती येते, ती अख्खी उचलून काढता येते. गरम करताना गॅसवर ७४ अंशांपर्यंत, स्लो कुकरमध्ये नाही.

हल्ली मी करतो ते एवढंच. रात्री दीड किलो खांद्याला १५ ग्रॅम, म्हणजे सपाट अडीच चमचे, बारीक मीठ चोळून फ्रिजमध्ये. पाकिटावर मिठाचं पाणी टोचल्याचं लिहिलेलं असेल तर हे मीठ निम्मं. सकाळी तळाशी परतलेला कांदा, वर मांस, चरबीची बाजू वर, अर्धा कप पाणी, सात-आठ लसूण पाकळ्या कांद्यासोबतच परतलेल्या, मिरी. ‘लो’. रात्री आठला जेवायचं असेल तर पाच वाजता तयार होईल असा हिशेब धरतो, कारण लवकर झालेलं ‘वॉर्म’वर सुखाने थांबतं, उशीर झालेलं कुणासाठी थांबत नाही. बाहेर काढल्यावर वीस मिनिटं झाकून ठेवायचं, मग सोडवायचं. गरमागरम सोडवलं की वाफेबरोबर ओलावाही जातो.

कपाटाच्या दाराला आतून एक कागद चिकटवलाय. दर वेळी एकच गोष्ट बदलतो आणि खाली एक ओळ लिहितो. शेवटची ओळ अशी आहे: ‘खांदा १.६ किलो, ३ भाग, लो, ९.५० ते ४.३०, झाकण एकदाच, काटा फिरला. मिरी कमी.’